घरून काय आणलंस?

आधी एक प्रश्न विचारतो, त्याचे उत्तर मनातल्या मनात द्या. तुमच्या घरात, भावकीत किंवा गावच्या भजनात असे एखादे वडीलधारे माणूस आहे का, ज्याला तीन-चारशे अभंग चालीसकट पाठ आहेत, नक्षत्र पाहून पेरणीचा अंदाज सांगता येतो, बोटांच्या पेरांवर हिशेब करून आडतीतली चूक दाखवता येते, आणि तरी कोणी विचारले की शिक्षण किती, तर ते मान खाली घालून म्हणते, ‘आम्ही अडाणी’? असणारच. माझ्या घरी माझे वडील होते.

आमचे गाव परतूरपासून दोन-अडीच कोसांवर, दुधनेच्या अंगाला. परतूर तेव्हा परभणी जिल्ह्यात. 1 मे 1981 रोजी जालना जिल्हा झाला तेव्हा आमचा तालुका तिकडे गेला. पण मी सांगतो ती गोष्ट त्याच्या फार आधीची, निजामी अमलातली. घरात माळ पणजोबांपासूनची. वडील सहा-सात वर्षांचे असतील तेव्हाच त्यांना सांजेचा हरिपाठ आणि पहाटेचा काकडा तोंडपाठ होता. आजोबांनी त्यांना खळ्यावर बसवून मापे शिकवली. शेराचे अर्धे मापटे, मापट्याचे अर्धे चिपटे. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी म्हणून घेतली आणि औटकीवर आणून सोडले. औट म्हणजे साडेतीन. सात औटे किती, तर साडेचोवीस, असे वडील म्हातारपणीसुद्धा बैल हाकता हाकता सांगत. तुमच्या नातवाला विचारून पाहा, तो खिशातला मोबाइल काढील. त्यात त्याचा दोष नाही; त्याला ते कोणी म्हणून दाखवलेच नाही.

एवढी शिदोरी घेऊन ते पोर एका सरकारी शाळेत गेले. पहिले वर्ष-दीड वर्ष बरे गेले, कारण खालच्या वर्गात थोडीफार मराठी होती. पुढे सगळे उर्दूतून. गणिताचे उत्तर वडिलांच्या तोंडावर मास्तरांच्या आधी येई, पण ते उर्दूत मांडून दाखवता येत नसे. मास्तर म्हणत, कुणाचे तरी ऐकून सांगतोस. शेवटच्या रांगेत बसवले. वर्षभरात शाळा सुटली आणि गुरे आली. मास्तर वाईट होते असे वडील कधी म्हणाले नाहीत. ते एवढेच म्हणत, ‘त्यांना माझ्याजवळचे काही दिसलेच नाही.’

आता इथे थोडे थांबून इतिहास पाहू, नाहीतर तुम्हाला वाटेल म्हातारा घरचे रडगाणे गातो आहे.

हैदराबाद संस्थानात तेलुगू, मराठी, कन्नड बोलणारी रयत. उर्दू मायबोली असलेली माणसे दहा-बारा टक्क्यांच्या आसपास. पण कचेरी उर्दूची, म्हणून शाळाही उर्दूची. 1917 साली निजाम मीर उस्मान अली खान यांनी उस्मानिया विद्यापीठाचे फर्मान काढले आणि 1919 मध्ये तिथे उर्दूतून शिकवणे सुरू झाले. न्यायाने बोलायचे तर त्यामागचा विचार खोटा नव्हता. इंग्रजीच्या कुबड्या टाकून आपल्याकडच्या भाषेत वैद्यक, कायदा, शास्त्र शिकवायचे, ही त्या काळात धाडसाची गोष्ट होती. रवींद्रनाथ ठाकुरांनीसुद्धा तिचे कौतुक केले होते. मोठमोठ्या ग्रंथांची भाषांतरे तिथे झाली. पण ‘आपली भाषा’ म्हणजे कुणाची? तत्त्व बरोबर आणि लेकरू चुकीचे, असे झाले. औरंगाबाद, बीड, परभणी, नांदेड, उस्मानाबाद या पाच मराठी जिल्ह्यांतल्या पोराला ती भाषा इंग्रजीइतकीच परकी होती. खासगी शाळा काढायची तर सरकारची परवानगी लागे. तरीही काही जिद्दीच्या माणसांनी हिप्परग्याला, अंबाजोगाईला राष्ट्रीय वृत्तीच्या शाळा चालवल्या. स्वामी रामानंद तीर्थ याच शाळांतून शिकवता शिकवता मुक्तिसंग्रामाचे पुढारी झाले. हे सारे तुम्हाला ठाऊक आहे.

उर्दूवर माझा राग नाही, हेही सांगून ठेवतो. आमच्या परतूरकडच्या बोलण्यातून उर्दू काढली तर अर्धा बाजार मुका होईल. शेख महंमदांना आम्ही संतमालिकेत मान देतो, आणि नाथबाबांनी तर हिंदू आणि तुर्क यांचा संवाद रचला. दोष भाषेचा नव्हता. दोष होता तो लेकराजवळ आधीच काय आहे हे न विचारता त्याची पाटी कोरी धरण्याचा.

आणि योग पाहा, त्याच 1917 साली इकडे आळंदीत वारकरी शिक्षण संस्था सुरू झाली.

विष्णुबुवा जोग पुण्याचे. तरुणपणी तालमीचा नाद, पुढे माउलींच्या पायाशी आले ते कायमचे. तुकोबांची गाथा त्यांनी 1909 मध्ये अर्थासह छापून काढली. संस्था काढल्यावर तीनच वर्षांनी, 1920 साली, त्यांनी देह ठेवला. म्हणजे त्यांच्या हातून संस्थेला फार काळ मिळाला नाही; पण बीड भागातले बंकटस्वामी आणि पुढे पुण्याच्या स. प. महाविद्यालयाचे प्राचार्य झालेले सोनोपंत तथा मामा दांडेकर यांच्यासारखी माणसे त्यांनी उभी केली. संस्थेची थोरवी गायला मी बसलेलो नाही, ती गाणारे पुष्कळ आहेत. मला सांगायची आहे ती तिथल्या पहिल्या संध्याकाळची गोष्ट.

मी गेलो तेव्हा सतरा वर्षांचा होतो. पोलीस ॲक्शननंतर दोन वर्षांनी माझा जन्म, त्यामुळे माझी शाळा मराठीतून झाली. परतूरहून छोट्या गाडीने मनमाड, मनमाडहून पुणे, पुढे आळंदीपर्यंत पायी. आईने फडक्यात दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी बांधून दिली होती. संध्याकाळी एका वृद्ध अध्यापकांनी नव्या पोरांना ओळीने बसवले आणि प्रत्येकाला एकच प्रश्न विचारला, ‘घरून काय आणलंस?’ माझी पाळी आली तशी मी फडके सोडून दशम्या पुढे केल्या. सगळे हसले. तेही हसले. म्हणाले, ‘लेकरा, ते रात्री खाऊ. पाठ काय आहे तुझं?’

मी हरिपाठ म्हटला, मग वडिलांच्या चालीतला एक अभंग. त्यांनी डोळे मिटून ऐकले आणि विचारले, ‘ही चाल कुणाची?’ मी म्हटले, आमच्या गावची. ‘ती सोडू नको. इथली चालही शीक, पण ती सोडू नको.’ माउली, पस्तीस रुपयांच्या कर्जासाठी हात जोडून उभ्या राहणाऱ्या माणसाचा मी मुलगा. आमच्या गावचे काहीतरी कुणी सांभाळून ठेवायला सांगते आहे, हे मी पहिल्यांदा ऐकले.

माझ्या शेजारी वऱ्हाडाकडचा एक मेंढपाळाचा मुलगा बसलेला. त्याला अक्षरओळख जवळजवळ नव्हती. पण त्याला पाचशेच्या वर अभंग येत होते. मेंढरांमागे फिरताना बापाकडून ऐकलेले. त्याला वाचायला कसे शिकवले, ते लक्ष देऊन ऐका. बाराखडीपासून नाही. गुरुजींनी त्याला पाठ असलेला अभंग गाथेत काढला, त्याचे बोट पहिल्या शब्दाखाली ठेवले आणि म्हणाले, ‘म्हण.’ तो म्हणत गेला, बोट सरकत गेले. तोंडातला शब्द आणि कागदावरचा शब्द एकमेकांना ओळखू लागले. दुसऱ्या दिवशी दुसरा अभंग. मधेच बोट चुकले की त्याचे त्यालाच कळे, कारण पुढचा शब्द काय आहे हे त्याला आधीच माहीत. पावसाळा संपायच्या आत ते पोर नवा, न ऐकलेला अभंग वाचू लागले. चौथ्या वर्षी तो ज्ञानेश्वरीवर बोलत होता.

हीच युक्ती मला पुढे आयुष्यभर पुरली. फी नव्हती, माधुकरीवर राहायचे, चार वर्षे गीता, ज्ञानेश्वरी, गाथा, नाथभागवत. शेताच्या बांधावरून आलेली पोरे शेवटी वेदान्ताच्या चर्चेला बसत. तिथवर जाण्याची पायरी मात्र त्यांच्या घरातूनच घडवलेली असे. माझ्या वडिलांच्या शाळेने त्यांना जे दिले नाही ते एवढेच होते: एक बोट आणि एक ओळखीचे पान.

हे आळंदीतच सुचले असेही नाही. माउलींनी 1290 मध्ये नेवाशाला गीता मराठीत सांगितली ती याच जाणिवेने. आणि आमचे पैठणचे नाथबाबा तर या विद्येचे आचार्य. वासुदेव, जोशी, गोंधळी, महार, फकीर अशी गावगाड्यातली माणसे रोज दारावर येत, त्यांची बोली, त्यांचे वाद्य, त्यांचा वेश उचलून नाथांनी भारुडे केली. ज्या सोंगाला लोक हसत होते त्याच सोंगाच्या तोंडी परमार्थ घातला. ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत 1584 मध्ये सिद्ध करणारा हा पंडित, ज्याच्या भागवतावर काशीत वाद झाला, तो पुरुष गोंधळ्याचे संबळ कान देऊन ऐकत होता. भारूड म्हणजे पंडिताने लोकांसाठी सोपे केलेले काहीतरी, असे पुष्कळजण समजतात. मला उलट वाटते. गोंधळ्याजवळ जे होते त्याची किंमत नाथांना कळली, म्हणून ते भारूड झाले.

इंग्रजी अमलाखालच्या मुलखातही हा प्रश्न सुटला नव्हता. तिथे पंतोजींच्या जुन्या शाळा होत्या, धूळपाटी आणि मोडी लिपीच्या. त्यांत मार भरपूर आणि बहुतेक जातींच्या पोरांना दार बंद, म्हणून त्या काळाचे गोडवे गाण्यात मला रस नाही. पण 1882 मध्ये हंटर आयोगापुढे जोतीराव फुल्यांनी जे निवेदन दिले ते आपल्या संप्रदायातल्या माणसांनीही वाचावे असे आहे. प्राथमिक शाळेचा शिक्षक शेतकरी वर्गातून तयार करा, असे ते सांगतात. तो त्या लोकांत मिसळेल, त्यांच्या गरजा त्याला कळतील, वेळ पडली तर तो नांगराची मूठही धरील. अभ्यासात मोडी आणि बाळबोध असावी, हिशेब असावा, इतिहास-भूगोलाबरोबर शेतीचे ज्ञान असावे. सव्वाशेहून जास्त वर्षे झाली या मागणीला.

वडिलांचे एक राहिले. वडील मोडीत सही करत. गावच्या कुलकर्ण्यांकडे बसून ते मोडी शिकले होते, शाळा सुटल्यानंतर, स्वतःच्या हिमतीवर. मी आळंदीला जायच्या आदल्या वर्षी एका कचेरीत कर्जाच्या कागदावर त्यांनी मोठ्या ऐटीत सही केली. तिथला माणूस म्हणाला, ‘बाबा, ह्या रेघोट्या चालत नाहीत, अंगठा लावा.’ वडिलांनी अंगठा लावला. घरी येईपर्यंत बोलले नाहीत. त्या रात्री भजनात वीणा घ्यायला उठले नाहीत. दुसऱ्या कुणी घेतली.

हे सगळे भोगलेल्या बापाचा मुलगा, आळंदीत शिकलेला, असा मी. मग माझ्या हातून ती चूक व्हायला नको होती. पण झाली. ती सांगितल्याशिवाय हा लेख पुरा होणार नाही.

आमच्या परतूर-मंठ्याच्या भागात बंजाऱ्यांचे तांडे पुष्कळ. एके काळी हे लोक बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून देशभर फिरत. त्याला ते लदेणी म्हणतात. रेल्वे आली आणि लदेणी मोडली. पुढे यांच्यातलेच वसंतराव नाईक 1963 ते 1975 महाराष्ट्राचे मुख्यमंत्री झाले, पण प्रत्येक तांड्यावर काही मुख्यमंत्री जन्मत नाही. दसरा-दिवाळीनंतर तांडेच्या तांडे ऊसतोडीला जातात आणि लेकरांची शाळा फडावर विरघळते. त्यांची बोली गोरमाटी, तिला स्वतःची लिपी नाही. आई म्हणजे याडी, भाकरी म्हणजे बाटी.

चाळीस वर्षांपूर्वीची गोष्ट. उन्हाळ्यात आम्ही मुलांचे संस्कार शिबिर घेत असू. एका तांड्यावरचा दहा-अकरा वर्षांचा मुलगा रोज अनवाणी चालत येई. गळा असा की ऐकत राहावे. एक दिवस मी म्हटले, तुला येते ते काहीतरी म्हण. त्याने लेंगी धरली. होळीला बंजारे फेर धरून जे गाणे म्हणतात ते. दोन ओळी झाल्या, बाकीची पोरे फिदीफिदी हसू लागली. माझ्याने त्या पोरांना दटावणे झाले नाही. मी काय केले? मी म्हणालो, ‘हे इथं नको बाळा. इथं शुद्ध बोलायचं, अभंग म्हणायचा.’

आवाज चढवला नव्हता. प्रेमानेच बोललो होतो. वडिलांचे मास्तरही बहुधा प्रेमानेच बोलले असतील.

दुसऱ्या दिवसापासून तो आला नाही. चार-पाच महिन्यांनी आठवडी बाजारात त्याचा बाप भेटला. मी विचारले, पोरगा का येईना? तो म्हणाला, ‘महाराज, त्याला वाटलं देवाला आमची बोली कळत नाही.’ रागाने नाही म्हणाला. खरेच विचारल्यासारखे म्हणाला. मी म्हटले, त्याला पाठवा, मी स्वतः बोलतो. तो म्हणाला, आता टोळी निघाली. त्या वर्षी ते ऊसतोडीला गेले आणि तो मुलगाही गेला. पुढे मला तो कधी भेटला नाही.

माउली, मी शेकडो कीर्तने केली, नामाची थोरवी सांगितली, चोखोबांच्या पायरीवर लोकांच्या डोळ्यांत पाणी आणले. आणि एका लेकराला मी सांगितले होते की तू घरून जे आणलेस ते इथे चालत नाही. अंगठा लाव.

त्यानंतर मी वाचू लागलो, विचारू लागलो. कुणीतरी अनुताई वाघांचे ‘कोसबाडच्या टेकडीवरून’ हातात दिले. ताराबाई मोडक आणि अनुताई यांनी 1945 मध्ये बोर्डीला ग्राम बाल शिक्षा केंद्राचे काम सुरू केले, 1957 मध्ये ते कोसबाडच्या टेकडीवर नेले, वारली मुलांत. माँटेसरीबाईंची शिकवण्याची साधने महाग, म्हणून यांनी शंख-शिंपले, खडे, बिया, पाने यांतून गणना आणि रंग शिकवले. जे त्या मुलांच्या हाताशी रोज होते तेच. मुले शाळेत येईनात, तर शाळा त्यांच्या अंगणात नेली. गुरे राखणारी पोरे अंगणातही सापडेनात, तर शाळा कुरणात नेली. कुरणशाळा! मला तो वऱ्हाडचा मेंढपाळ आठवला. त्याच्या बापाने मेंढरांमागे जे केले तेच या दोन विदुषींनी सारे शास्त्र शिकून, विचार करून केले.

साने गुरुजीही याच जातीचे शिक्षक. आयाबायांच्या तोंडच्या ओव्या त्यांनी ‘स्त्री जीवन’मध्ये गोळा केल्या. पुढे पुण्याच्या हेमा राइरकर आणि गी पोइतेवाँ यांच्या पुढाकाराने जात्यावरच्या ओव्या जमवल्या गेल्या, त्या लाखाच्या वर भरल्या. लाखाच्या वर, आणि त्या सांगणाऱ्या बहुतेक बायांची गणती निरक्षरांत. माझ्या आईला शिरगणतीवाल्याने शिक्षण विचारले तेव्हा मीच पुढे होऊन सांगितले, ‘काही नाही, लिहा निरक्षर.’ गंगाखेडच्या जनाबाईंचे अभंग जिच्या जात्यातून रोज पहाटे आमच्या कानावर पडले, तिच्याबद्दल. आमच्या पिढीत कीर्तनाची गादी बायांना मिळत नसे, आणि आम्हाला त्यात काही वावगे वाटत नसे, हेही याच खात्यात लिहून ठेवा.

दूर न्यूझीलंडमध्ये माओरी लोकांची भाषा मरणपंथाला लागली होती. 1982 मध्ये त्यांनी काय केले, तर गावातल्या आज्या-आजोबांनाच लहान मुलांच्या शाळेत बसवले. ‘कोहांगा रेओ’ म्हणतात त्याला, म्हणजे भाषेचे घरटे. नातवाने हे मला दाखवले तेव्हा मी म्हटले, अरे, हे तर आपल्या हरिपाठाचेच झाले, म्हातारे शिकवतात आणि पोरे म्हणतात.

आपल्याकडे कायदा नाही असे नाही. 2009 च्या शिक्षण हक्क कायद्यात लिहिले आहे की शक्य तेथवर शिकवणे मुलाच्या मातृभाषेतून व्हावे. ‘शक्य तेथवर’ या दोन शब्दांत तांडा बसतो की नाही, हे ज्याने त्याने ठरवायचे.

आता एक शंका तुमच्या मनात आली असेल, आणि ती योग्य आहे. बंजाऱ्याच्या पोराने लेंगी गात बसायचे, मेंढपाळाच्या पोराने मेंढरे मोजायची, आणि डॉक्टर-वकील दुसऱ्यांनी व्हायचे, असे सांगणारेही ‘संस्कृती जपा’ म्हणतच येतात. त्यांच्यापासून सावध राहा. फुल्यांनी शेतीच्या ज्ञानाबरोबर इतिहास, भूगोल, व्याकरण मागितले होते. आळंदीत मेंढपाळाच्या मुलाला पाठ अभंगांवर थांबवले नाही, त्याला ज्ञानेश्वरीपर्यंत नेले. माझ्या वडिलांना उर्दू यायला हवी होती. ते म्हणत, आली असती तर कचेरीत कुणाची मिनतवारी करावी लागली नसती. घरची शिदोरी प्रवासाला निघण्यासाठी असते. पण शिदोरी रस्त्यात फेकून द्यायला लावली तर पोर उपाशी चालेल कसे? आणि आज इंग्रजी शाळेच्या बसमध्ये चढणाऱ्या, घरी आजीशी मराठी बोललास तर मार्क जातील म्हणून धाकात असलेल्या माझ्या परतूरच्या लेकरांकडे पाहतो तेव्हा वाटते, वडिलांची शेवटची रांग अजून रिकामी झालेली नाही. फक्त तीत बसणारे बदलले.

सगळेच वाईट चालले आहे असेही नाही. आमच्या भागातल्या जिल्हा परिषदेच्या एका शाळेत एक तरुण गुरुजी आहेत. पहिलीत सगळी तांड्यावरची मुले. त्यांनी वर्गाच्या एका भिंतीवर गोरमाटी शब्द आणि शेजारी मराठी शब्द, खाली चित्र, असे रंगवून घेतले. याडी, आई. बाटी, भाकरी. अक्षर मराठीच, शब्द घरचा. मी पाहायला गेलो तेव्हा एक चिमुरडी त्या भिंतीवर बोट सरकवत वाचत होती. वऱ्हाडच्या त्या मुलाचे बोट मला दिसले. गुरुजींना आळंदीची गोष्ट ठाऊक नव्हती. त्यांना ते आपल्या आपणच सुचले होते.

मला पाहून मुलांनी रामकृष्ण हरी केले. गुरुजी म्हणाले, ‘महाराज, यांना काहीतरी शिकवा.’ मी खाली बसलो आणि म्हटले, आज मी शिकवायला आलो नाही, तुमच्याजवळ काय आहे ते सांगा. कुणी कोणत्या पाल्याने बैलाची जखम बरी होते ते सांगितले. एकाने फडावर उसाच्या मोळ्या कशा मोजतात ते दाखवले. त्यात गुणाकार होता, त्याला ते नाव माहीत नव्हते, गुरुजींनी फळ्यावर ते नाव लिहिले. एकीने आपल्या आजीकडे किती गाणी आहेत ते सांगितले आणि धावत जाऊन तिला घेऊनच आली. म्हातारी दाराशीच उभी राहिली. शाळेत यायचे असते हे तिला कुणी सांगितलेच नव्हते. गुरुजींनी खुर्ची दिली, ती खाली बसली.

तिला मी लेंगी म्हणायला सांगितले. चाळीस वर्षांनी. तिने म्हटली, मुलांनी फेर धरला, कुणीतरी ताटली वाजवली. कुणी हसले नाही.

आता दर पंधरवड्याला मी मृदंग घेऊन तिकडे जातो. एका दिवशी मी हरिपाठ म्हणून घेतो, एका दिवशी ती म्हातारी गाणे सांगते. आठ मात्रांची धुमाळी मी साठ वर्षे वाजवली, पण तिच्या गाण्याचा झोल मधेच असा वळतो की माझा हात मागे राहतो. मुलांना ते बरोबर कळते. ती थांबतात, म्हातारी ताटलीवर बोटांनी दाखवते, ‘असं महाराज, असं,’ आणि मी पुन्हा पहिल्यापासून धरतो.